गोष्ट कोणाची, नाव कोणाचे?

आपल्या मंडळाच्या स्मरणिकेत दोन पाने दर वर्षी ठरलेली असतात. एका पानावर जात्यावरच्या ओव्या आणि दुसऱ्या पानावर उखाणे. ह्या पानांच्या खाली बारीक अक्षरांत एकच शब्द छापलेला असतो, 'पारंपरिक'. तो शब्द खोटा नाही. ओवी परंपरेचीच असते. परंतु ती परंपरा ज्या बाईच्या तोंडून आपल्या वहीपर्यंत आली, तिचे नाव त्या शब्दाखाली झाकून जाते. हे योग्य की अयोग्य, ह्याचा विचार मी गेले वर्षभर करीत आहे आणि तोच भगिनींपुढे मांडावयाचा आहे.

विचाराला कारण घडले ते असे. आपल्या मंडळात एक आजी येतात. वय ऐंशीच्या पुढे, लिहिता-वाचता येत नाही, पण ओव्या तोंडपाठ. सांगू लागल्या म्हणजे दुपार कशी सरते ते कळत नाही. काही वर्षांपूर्वी त्यांच्याकडून बऱ्याच ओव्या कोणी उतरवून नेल्या आणि पुढे त्यांचे लहानसे पुस्तक निघाले. पुस्तकावर उतरवून घेणाऱ्याचे नाव ठळक होते, प्रस्तावनेत पाच-सहा मोठ्या माणसांचे आभार होते. आजींचे नाव कोठेच नव्हते. मी ते पुस्तक त्यांना वाचून दाखविले. पैशांविषयी त्या एक शब्द बोलल्या नाहीत. एवढेच म्हणाल्या, "ओव्या काही माझ्या न्हाईत बाई, माझ्या आईच्या हायेत. पर मग तिचं तरी नाव घालायचं व्हतं."

आजींच्या ह्या बोलण्यात दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत. 'माझ्या नाहीत' ही एक, आणि 'नाव घालायचे होते' ही दुसरी. मालकी नको, पण नाव हवे. आजच्या काळात आपण मालकीचा विचार आधी करतो. जुन्या काळी गोष्टींना, अभंगांना, ओव्यांना कायद्याने कोणी मालक नव्हता. मग तेव्हा चोरी होत होती की नव्हती? होत असेल तर ती कशाला म्हणत? मी सातवीपर्यंत शिकलेली बाई. जे वाचनालयातील पुस्तकांतून, कीर्तनातून व जाणत्या माणसांना विचारून मिळाले, तेवढेच येथे लिहिते.

आधी कायद्याचे सांगते. पुस्तकाचा हक्क लेखकाचा, असा पहिला कायदा इंग्लंडात इ. स. १७१० मध्ये झाला. आपल्याकडे कंपनी सरकारने १८४७ साली तसा कायदा केला, पुढे १९१४ साली दुसरा झाला, आणि स्वतंत्र भारताचा कायदा १९५७ साली होऊन २१ जानेवारी १९५८ पासून अमलात आला. लेखकाच्या हयातीत व त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षेपर्यंत पुस्तकाचा हक्क त्याचा व त्याच्या वारसांचा राहतो. १९९२ पर्यंत ही मुदत ५० वर्षांची होती. ह्या कायद्यात लेखकाचे नाव लेखकालाच राहावे अशीही तरतूद आहे. मात्र हे सारे छापखान्यामुळे आले. एका खिळ्यावर हजार प्रती निघू लागल्या, त्यांत पैसा आला, आणि पैसा आला तेव्हा तो कोणाचा हा तंटाही आला.

छापखान्यापूर्वी पोथी हाताने उतरवून घेत. एक पोथी उतरावयाला महिनेच्या महिने लागत. पोथीच्या शेवटी लिहिणारा आपले नाव, गाव, शक व तिथी घाली, आणि वाचणाराला विनवी की, मला तेलापासून सांभाळ, पाण्यापासून सांभाळ, ढिल्या बांधणीपासून सांभाळ आणि मूर्खाच्या हाती देऊ नकोस. म्हणजे पोथी ही वस्तू मालकीची होती, दागिन्यासारखी जपण्याची होती. पोथीतील गोष्ट मात्र ज्याला ऐकावयाची त्याची होती. हा भेद ध्यानात घेतला म्हणजे पुढचे समजावयाला सोपे जाते.

हा विषय समजून घ्यावयाला आपल्या जिल्ह्याइतकी चांगली जागा नाही. पैठण आपले, देवगिरी आपला, खुलताबाद आपले. गोष्टी सांगण्याचा, वेचण्याचा व जतन करण्याचा उद्योग येथे दोन हजार वर्षे चालू आहे.

पैठणला सातवाहनांचे राज्य होते. त्यांतील हाल राजाने लोकांत चालणाऱ्या महाराष्ट्री प्राकृतातील गाथा निवडून सातशे गाथांचा संग्रह केला. तीच गाथासप्तशती. त्या गाथांत शेतकऱ्यांची घरे आहेत, गोदेचा काठ आहे, सासरी गेलेल्या मुली आहेत. संग्रह हालाचा म्हणून ओळखला जातो, पण पुष्कळ गाथांसोबत त्या रचणाराचे नावही परंपरेने जपले आहे, आणि त्यांत रेवा, माधवी, अनुलक्ष्मी अशी बायकांची नावे आहेत. निवडणारा राजा असूनही रचणारीचे नाव पुसले गेले नाही, हे मला विशेष वाटते.

त्याच सातवाहनांच्या दरबारातील गुणाढ्याची कथा सांगतात. त्याने पैशाची भाषेत सात लाख श्लोकांची बृहत्कथा लिहिली. ती राजाला आवडली नाही, म्हणून रानात पशुपक्ष्यांना एकेक पान वाचून दाखवीत त्याने सहा लाख श्लोक अग्नीत टाकले. उरले ते एक लाख. आज तेही मूळ रूपात उपलब्ध नाहीत. पण अकराव्या शतकात दूर काश्मिरात सोमदेव कवीने सूर्यमती राणीसाठी त्या कथा संस्कृतात सांगितल्या, तो कथासरित्सागर. आणि सोमदेवाने आरंभीच सांगून टाकले की, ही कथा मूळच्या बृहत्कथेप्रमाणेच आहे, भाषा व विस्तार एवढाच फरक. गुणाढ्याचे वारस आले नव्हते, कोर्ट नव्हते. तरीही त्याने सांगितले.

आता यादवांच्या काळाकडे येऊ. श्रीचक्रधरस्वामी पैठणला राहिले, आपल्या भागातील वाटांनी हिंडले. त्यांनी स्वतः एक ओळ लिहिली नाही. त्यांच्यामागे म्हाइंभटांनी तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात त्यांच्या आठवणी गोळा केल्या. ज्यांनी ज्यांनी स्वामींना पाहिले होते त्यांना शोधून, गावोगाव जाऊन, विचारून विचारून एकेक लीळा लिहिली आणि नागदेवाचार्यांकडून तपासून घेतली. तो ग्रंथ लीळाचरित्र. मराठी गद्यातील पहिला मोठा ग्रंथ तो हाच. स्वामींभोवती बाइसा, महदाइसा ह्यांच्यासारख्या पुष्कळ स्त्रिया होत्या, आणि त्यांचे प्रश्न, त्यांची भांडणे, त्यांचे रुसवेसुद्धा त्या ग्रंथात नावानिशी आले आहेत. महदाइसेने रचलेले धवळे, म्हणजे लग्नातील गाणी, तिच्याच नावाने राहिले आणि म्हणून आज आपण तिला मराठीतील पहिली कवयित्री म्हणू शकतो. नाव ठेवले नसते तर तेही धवळे 'पारंपरिक' झाले असते.

इ. स. १२९६ पासून देवगिरीवर खिलजीच्या स्वाऱ्या सुरू झाल्या. त्या पुढच्या धामधुमीत लीळाचरित्राची मूळ पोथी नाहीशी झाली, असे परंपरा सांगते. मग ज्यांना ती पाठ होती त्यांनी आठवून आठवून ती पुन्हा सांगितली. त्यांत हिराइसा नावाची एक बाई होती, तिची स्मरणशक्ती फार तीव्र. तिने जशी सांगितली त्या सांगण्याला 'हिराइसा पाठ' असेच नाव आहे. दुसऱ्यांनी सांगितलेले पाठ त्यांच्या त्यांच्या नावांनी आहेत. एकाला एक आठवते, दुसऱ्याला थोडे वेगळे आठवते. त्या लोकांनी हे मतभेद पुसून सगळे एकसारखे केले नाही. कोणाच्या सांगण्यात काय वेगळे आहे ते नोंदून ठेवले. सातशे वर्षांपूर्वीच्या लोकांची ही शिस्त पाहून मान लवते.

नागदेवाचार्यांची आणखी एक गोष्ट सांगण्याजोगी आहे. केसोबास हा विद्वान शिष्य संस्कृतात ग्रंथ लिहू लागला, तेव्हा आचार्यांनी त्याला अडविले. असे केलेस तर माझ्या म्हाताऱ्या बायका नागवल्या जातील, असे ते म्हणाले. नागवणे म्हणजे लुबाडणे. ज्या म्हाताऱ्यांनी त्या आठवणी सांगितल्या, त्यांनाच न कळणाऱ्या भाषेत त्या लिहावयाच्या, ही आचार्यांच्या दृष्टीने लुबाडणूक होती. ज्याच्याकडून घेतले त्याला ते परत वाचता आले पाहिजे, ऐकता आले पाहिजे, असाच ह्याचा अर्थ मी घेते.

महानुभावांनी पुढे आपल्या पोथ्या सांकेतिक लिपींत लिहून ठेवल्या. पंथाबाहेरच्या माणसाला त्या वाचताच येत नसत. त्यामुळे मजकूर शुद्ध राहिला हे खरे, पण पाचशेहून अधिक वर्षे इतर मराठी माणसांना आपल्या भाषेतील हा पहिला गद्यग्रंथ ठाऊकच नव्हता. विसाव्या शतकाच्या आरंभी ह्या लिप्यांचा उलगडा झाला आणि पुढे ह. ना. नेने ह्यांनी लीळाचरित्र छापून आणले, तेव्हा तो सर्वांपुढे आला. कुलूप घातले तर धन सुरक्षित राहते, पण कोणाच्या उपयोगी पडत नाही, हीही बाजू लक्षात घेतली पाहिजे.

जवळच खुलताबादेत अमीर हसन सिज्जी ह्या फारसी कवीची कबर आहे. माझ्या शेजारी उर्दू शाळेतील एक बाई राहतात, त्यांनी मला ह्यांच्याविषयी सांगितले. दिल्लीला हजरत निजामुद्दीन अवलिया जे बोलत, ते हसन घरी येऊन तारीखवार लिहून ठेवीत. १३०८ पासून १३२२ पर्यंत त्यांनी ह्या नोंदी केल्या आणि त्या खुद्द गुरूंना दाखवून राहिलेले भरून घेतले. तो ग्रंथ फवाइद-उल-फुआद. त्याच काळात कोणी तरी एक पुस्तक निजामुद्दीनांनी लिहिले आहे असे सांगून दाखवीत होता. ते कानावर येताच त्यांनी साफ सांगितले की, मी कोणतेही पुस्तक लिहिलेले नाही. मोठ्या माणसाच्या नावावर आपले लिखाण खपविण्याची युक्ती दिल्लीतही होती आणि महाराष्ट्रातही होती.

वारकरी संतांकडे आले म्हणजे नावाचा प्रश्न आणखी स्पष्ट होतो. अभंगाच्या शेवटी कवी आपले नाव गुंफतो. त्याला नाममुद्रा म्हणतात. नामा, तुका, चोखा, सेना, अशा मुद्रा आपण रोज भजनात ऐकतो. पोथी फाटली, लिहिणारा मेला, तरी गाणाराच्या तोंडातून नाव सुटू नये, म्हणून ते शब्दांतच विणलेले. गंगाखेडची जनाबाई नामदेवांच्या घरी दासी होती. तिने आपली ओळख नामयाची दासी अशीच ठेवली, तरी जनी हे नाव सोडले नाही. नामदेवांच्या गाथेत तिचे सुमारे साडेतीनशे अभंग छापतात. ते तिचे म्हणून वेगळे काढता येतात ते केवळ त्या दोन अक्षरांच्या बळावर. दळण-कांडण करणाऱ्या बाईला तेव्हा कोणी साक्षीदार नव्हता. तिची दोन अक्षरेच तिचा दाखला झाली.

जनाबाईच्या नावावर एक अभंग आहे, त्यात कोणत्या संताचे बोल कोणी लिहून घेतले ह्याची यादीच आहे. मुक्ताईचे बोल ज्ञानदेवांनी लिहिले, सावता माळ्याचे काशिबा गुरवाने, चोखामेळ्याचे अनंतभटाने. आणि जनीचे? तर खुद्द पांडुरंगाने. दळता दळता देव येऊन लिहून घेतो, ही आख्यायिका झाली. पण बोलणारा कोण आणि लिहिणारा कोण, ही दोन नावे निरनिराळी ठेवावयाची, हा त्यातला भाव अगदी व्यवहाराचा आहे. देव लिहून घेत होता, तरी अभंग देवाच्या नावावर गेला नाही. जनीच्याच नावावर राहिला.

नाव काढून घेण्याची चोरीही होतीच. देहूच्या सालोमालोचे नाव आपण 'संत तुकाराम' ह्या १९३६ सालच्या प्रभातच्या बोलपटामुळे जाणतो. तुकोबांचे अभंग घ्यावयाचे, शेवटची मुद्रा बदलून तेथे आपले नाव घालावयाचे आणि कीर्तनात आपले म्हणून गावयाचे, अशी त्याची कथा सांगतात. तुकोबांच्या गाथेत सालोमालोचे नाव घेऊन केलेले अभंग आहेत. एकाचे घेऊन आपले म्हणणे व वर त्याची नासाडी करणे, ह्याचा त्यांनी कठोर शब्दांत धिक्कार केला आहे. ज्यांनी आपल्या घरच्या कर्जखतांचे कागद नदीत सोडले असे चरित्रकार सांगतात, त्या तुकोबांना हे सहन झाले नाही. ह्यावरून कळते की, मालकी सोडणे वेगळे आणि नाव बुडविणे वेगळे. पहिले संतांना जमते. दुसरे संतांनाही खपत नाही.

ह्याच्या उलट प्रकार मात्र पुष्कळ झाला. आपले लिहावयाचे आणि शेवटी मुद्रा मोठ्या संताची घालावयाची. काही वेळा ते भक्तीने झाले, काही वेळा नामसाम्याने. नामदेवांनंतर दोनेकशे वर्षांनी विष्णुदास नामा नावाचे दुसरे कवी झाले आणि दोघांची रचना गाथेत मिसळून गेली. ती वेगळी करण्यात विद्वानांचे आयुष्य जाते. असे केले म्हणजे दोघांचेही नुकसान होते. ज्याचे लिहिलेले त्याचे नाव जाते, आणि ज्याचे नाव घातले त्याच्या तोंडी न बोललेले शब्द जातात.

हे जाणून आपल्या पैठणच्या नाथमहाराजांनी एक मोठे काम केले. ज्ञानेश्वरी शके १२१२ म्हणजे इ. स. १२९० मध्ये नेवाशाला सांगितली गेली. पुढे तीनशे वर्षांत ती हातोहात उतरली गेली, आणि उतरणारांनी आपल्या समजुतीप्रमाणे शब्द बदलले, ओव्या घातल्या. नाथांनी अनेक प्रती एकत्र करून, ताडून पाहून, शके १५०६ म्हणजे इ. स. १५८४ मध्ये शुद्ध प्रत तयार केली. स्वतः नाथ हे केवढे कवी! ओव्यांचे त्यांना काय अवघड होते? पण त्यांनी आपली एक ओवी त्या ग्रंथात मिसळली नाही. शेवटी मात्र बजावून ठेवले की, ह्यात जो आपली ओवी घालील त्याने अमृताच्या ताटात नरोटी ठेविली असे समजावे. नरोटी म्हणजे नारळाची करवंटी. स्वयंपाकघरातील ही उपमा कोणत्याही गृहिणीला लगेच कळेल. करवंटी वाईट नसते, पण तिची जागा पंचपक्वान्नाच्या ताटात नसते.

नाथांनी स्वतःच्या रचनेत मुद्रा घातली ती एका जनार्दनी अशी. गुरू जनार्दनस्वामी हे देवगिरीला असत. शिष्याने आपले नाव गुरूच्या नावाशी गाठ मारून ठेवले, म्हणजे विद्या कोणाकडून आली ह्याची कबुली प्रत्येक अभंगात आली. आणि नाथांच्या भावार्थ रामायणाचे काय झाले? युद्धकांडाचे ४४ अध्याय झाल्यावर त्यांनी देह ठेविला. पुढचा ग्रंथ त्यांच्या गावबा नावाच्या शिष्याने पुरा केला, असे सांगतात. पुरणपोळीसाठी हट्ट करणारा हा मुलगा मंदबुद्धी म्हणून हिणविला जात असे. त्याने गुरूचे काम पुरे केले, आणि ग्रंथ नाथांचाच राहिला. तरीही चव्वेचाळीस अध्यायांपर्यंत नाथ व पुढे गावबा, हे लोकांनी विसरू दिले नाही. गावबाने मागितले नाही, लोकांनी आपण होऊन त्याचे नाव ठेवले.

संतांच्या गोष्टींचेही असेच आहे. पैठणला रेड्याच्या मुखातून वेद वदविले, ही कथा आपण लहानपणापासून ऐकतो. ज्ञानदेवांनी स्वतः ज्ञानेश्वरीत त्याविषयी एक अक्षर लिहिलेले नाही. ती सांगितली दुसऱ्या संतांनी. भिंत चालविल्याची गोष्ट ज्ञानदेवांची म्हणून आपल्याला ठाऊक आहे. तशीच गोष्ट काही सूफी अवलियांविषयीही सांगतात. कोणी कोणाची घेतली म्हणून तंटा झाला नाही. गोष्ट ही विहिरीसारखी होती, ज्याने त्याने आपल्या घागरीने पाणी न्यावे. पण चांगला सांगणारा पाणी कोठून आणले ते सांगे. ताहराबादच्या महीपतींनी शके १६८४ म्हणजे इ. स. १७६२ मध्ये भक्तविजय लिहिला. त्यांनी ग्रंथात सांगितले आहे की, हे मी मनाने रचलेले नाही; उत्तरेकडच्या नाभाजींनी व आपल्याकडच्या उद्धवचिद्घनांनी लिहिले, त्या आधारे सांगतो. आज कीर्तनातील कितीतरी संतकथा महीपतींच्या ग्रंथांतून येतात. महीपतींनी आपल्या आधीच्यांची नावे घेतली. आपण महीपतींचे घेतो की नाही, हे ज्याने त्याने पाहावे.

आता पुन्हा जात्याकडे येते. जात्यावरची ओवी ही ह्या सगळ्यांहून वेगळी आहे. तिला नाममुद्रा नसते. दळणारी सहसा आपले नाव घालीतच नाही. ती भावाचे नाव घालते, लेकाचे घालते, माहेरच्या गावाचे घालते. तीच ओवी दुसऱ्या घरी गेली म्हणजे भाऊ बदलतो, गाव बदलते, आणि ओवी त्या बाईची होते. पोथीत शब्द बदलणे हा दोष, पण ओवीत नाव बदलणे हा तिचा धर्म. जुन्या बायकांना हा भेद न शिकविता कळत होता. ज्ञानेश्वरी वाचताना त्या अक्षर ढळू देत नसत, आणि जात्यावर बसल्या की हवे तसे शब्द फिरवीत.

म्हणून ओवीचा कर्ता शोधणे व्यर्थ आहे. पण ती सांगणारी शोधणे व्यर्थ नाही. साने गुरुजींनी 'स्त्रीजीवन' ह्या ग्रंथात बायकांच्या ओव्या एकत्र केल्या, तेव्हा ह्या वाङ्मयाकडे सुशिक्षितांचे लक्ष गेले. पुढे विसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकांत पुण्याच्या हेमा राईरकर व गी पॉइत्वाँ ह्यांनी आपल्या सहकाऱ्यांसह महाराष्ट्रातील हजाराहून अधिक गावे पालथी घालून लाखावर ओव्या जमविल्या. त्यांच्या कामातील मला सर्वांत मोलाची गोष्ट ही वाटते की, ओवीसोबत गाणारीचे नाव व गाव लिहून ठेवले आहे. लाख ओव्यांच्या संग्रहात हे होऊ शकते, तर आपल्या दोन पानांत का होऊ नये?

अलीकडे तर दुसरीच तऱ्हा झाली आहे. मोबाइलवर कोणी तरी कविता पाठविते, खाली कवयित्रीचे नाव असते. दुसरी ती पुढे पाठविताना ओळी कमी करावयाच्या म्हणून शेवटची ओळ काढते. तिसरीकडे पोहोचेपर्यंत ती कविता कोणाचीच राहात नाही, आणि चौथी तिच्याखाली एखाद्या मोठ्या कवीचे नाव घालते. सालोमालो एकच होता, म्हणून त्याचे नाव तरी ध्यानात राहिले. आता तर ते आपल्यापैकी प्रत्येकीच्या हातात आहे.

ह्या सगळ्या जुन्या माणसांकडून मी जे शिकले, ते स्मरणिकेच्या कामी असे लावावे असे सुचविते. एक, ओवी, उखाणा, भुलाबाईचे गाणे, व्रताची कहाणी, काहीही छापताना खाली सांगणारीचे नाव व गाव द्यावे, आणि तिने कोणाकडून शिकले ते तिला सांगता आले तर तेही द्यावे. दुसरे, छापण्यापूर्वी तिला वाचून दाखवावे व तिची संमती घ्यावी. अमीर हसनांनी गुरूंना दाखविले, आपण आजीला दाखवावे. तिसरे, दोघींच्या सांगण्यात फरक असेल तर एकीचे खोडून दुसरीचे ठेवू नये. हिराइसेचा पाठ तिच्या नावाने राहिला तसे दोन्ही ठेवावेत. चौथे, आपण शब्द बदलला असेल तर तसे लिहावे. पाचवे, जिचे नाव खरोखरच मिळत नाही तेथे नुसते 'पारंपरिक' न लिहिता कोठे ऐकले, कोणत्या गावी ऐकले, एवढे तरी लिहावे.

कोणी म्हणेल, जुन्या बायकांना नावाची हौस नव्हती, आपण ती का लावावी? मी म्हणते, त्यांना विचारले कोणी? नाव न मागणे हा त्यांचा मोठेपणा झाला. न देणे हा आपला मोठेपणा होत नाही. कायद्याने ह्या ओव्यांवर कोणाचा हक्क सांगता येणार नाही आणि सांगूही नये. त्या सर्वांनी म्हणाव्यात, मुलींनी शिकाव्यात, शब्द फिरवावेत, आपल्या भावाचे नाव घालावे. फक्त जेव्हा त्या कागदावर जातील, तेव्हा ज्या घरातून आल्या त्या घराचा उंबरठा दाखवावा.

मंडळाच्या कपाटात ह्यासाठी एक जाड वही ठेवण्यास कार्यकारिणीने मान्यता दिली आहे. वहीत चार रकाने आखले आहेत: काय सांगितले, कोणी सांगितले, कोणाकडून शिकले, कोणी लिहून घेतले. ज्या भगिनींच्या घरी आई, सासू, आत्या, मावशी अजून आहेत, त्यांनी श्रावणात, हातून वेळ निघून जाण्यापूर्वी, त्यांच्याजवळ बसून दोन पाने लिहून आणावीत. लिहिता येत नसेल त्यांनी मंडळात येऊन सांगावे. लिहून घेणाऱ्या आम्ही पाच-सहाजणी आहोत. पुढच्या वर्षीच्या स्मरणिकेत ओव्यांचे पान ह्या वहीतूनच निघावे, अशी सर्व भगिनींना विनंती करते.